वेलांटी आधी, अक्षर नंतर

दादा, म्हणजे माझे वडील, टाइप करताना पुटपुटायचे.

बार्शीच्या कोर्टासमोर कडुनिंबाखाली त्यांचं टेबल होतं. टेबलावर गोदरेजचं मराठी मशीन, कागद वाऱ्यानं उडू नयेत म्हणून त्यांच्यावर ठेवलेला एक गुळगुळीत गोटा, आणि समोर एक बाकडं. बाकड्यावर कुणी ना कुणी बसलेलं असायचंच. बांधाचं भांडण, पोटगी, वारसनोंद, रेशनकार्डावर सुनेचं नाव चढवायचं. माणूस आपली हकीकत सांगायचा, मधेच थांबायचा, डोळे पुसायचा, पुन्हा पहिल्यापासून सांगायचा. दादा सगळं ऐकून घ्यायचे. मग दोन लेजर कागदांमध्ये कार्बन घालून रोलर फिरवायचे, आणि ‘विनंती अर्ज करतो ऐसा जे’ इथून त्या माणसाचं दुःख सुरू व्हायचं.

शाळा सुटली की मी त्यांच्याजवळ जाऊन बसत असे. मशीनचा आवाज तर यायचाच. पण त्याच्या खाली दादांच्या तोंडचा एक दुसरा आवाज सतत चालू असायचा, आणि मला ओढ त्याची होती. ते शब्द नव्हते. ‘विनंती’ टाइप करताना ते म्हणायचे, ‘इवनंती’. ‘दिवाणी’ला ‘इदवाणी’. ‘मिळकत’ला ‘इमळकत’. ‘हिस्सा’ला ‘इहस्सा’. मला वाटायचं, ही कोर्टाची भाषा आहे. मोठं झाल्यावर आपल्यालाही येईल.

कारण कळलं ते पुढं, बारावीनंतरच्या सुट्टीत टायपिंगच्या क्लासला जायला लागल्यावर. मराठी मशीनवर ह्रस्व वेलांटीची कळ आधी मारावी लागते आणि अक्षर त्यानंतर. कागदावर वेलांटी अक्षराच्या डाव्या हाताला असते आणि मशीन डावीकडून उजवीकडे जातं. त्याला दुसरं काही माहीत नाही. तोंड म्हणतं व आणि मग इ. बोट म्हणतं इ आणि मग व. बहुतेक टंकलेखक तोंड बंद ठेवून हा प्रश्न सोडवतात. दादांचे ओठ हातांच्या मागोमाग चालत. जे बोट मारील ते तोंड म्हणे. तीस वर्षं ते असं बोलत राहिले, आणि ते कुणी लिहून ठेवलं नाही. लिहिता येण्यासारखंही नव्हतंच, कारण कागदावर ‘इवनंती’ची ‘विनंती’च होते. अक्षरांच्या ओळीकडे बघून कुठलं अक्षर आधी उमटलं आणि कुठलं नंतर, हे कुणालाच सांगता येत नाही. कागद तेवढं लपवतो.

हे सगळं मी विसरलो होतो. आठवलं ते एका तीन मिनिटांच्या फिल्ममुळे.

फिल्म कॅनडातली आहे. विनिपेगचे एड अ‍ॅकरमन आणि कवी कॉलिन मॉर्टन यांनी १९८०च्या दशकाच्या उत्तरार्धात ती केली. नाव ‘प्रिमिती टू ता’. पहिल्यांदा पाहिली तेव्हा रात्र होती, घरात सगळे झोपलेले, म्हणून आवाज बंद ठेवला होता. पडद्यावर टाइपरायटरची अक्षरं यायला लागली. माणूस नाही, घर नाही, झाड नाही, गोष्ट नाही. नुसती अक्षरं. येतात, रांग धरतात, विस्कटतात, एकमेकांवर चढतात, जातात. एक अक्षर दुसऱ्याहून किंचित गडद, एखादं रेघेच्या जरा खाली बसलेलं, जसं खऱ्या मशीनवर होतं तसं. अर्धा मिनिट झाल्यावर लक्षात आलं की आवाज बंद असूनही मला काहीतरी ऐकू येतंय. कुणीतरी बोलतंय. कुठं श्वास घेतोय, कुठं आवाज चढवतोय, कुठं एकाच अक्षराला धरून बसलाय, ते सगळं दिसत होतं. मग हेडफोन शोधले आणि पुन्हा पाहिली. एक पुरुषी आवाज, आणि तो बोलतो ते कुठल्याच भाषेतलं नाही.

तेव्हा दादा आठवले. बाकडं, कडुनिंब, ‘इवनंती’, सगळं एकदम.

फिल्मच्या आवाजामागं एक कविता आहे, आणि तिची कूळकथा सांगितल्याशिवाय पुढं जाववत नाही. अक्षर आणि आवाज एकमेकांच्या हातात काहीतरी देत कसे पुढं गेले, ते तिच्यात दिसतं. १९१८ साली बर्लिनमध्ये राऊल हाउसमान या दादावादी, म्हणजे अर्थ आणि तर्क झुगारणाऱ्या चळवळीतल्या, कलावंतानं एक भिंतीवर लावायचा कागद छापून घेतला. त्यावर मोठ्या टाइपात अक्षरं होती आणि ती त्यानं निवडलेली नव्हती. छापखान्यातल्या जुळाऱ्याच्या हाताला खणातले खिळे, म्हणजे छपाईची सुटी अक्षरं, जसे लागले तशी ती बसली. सुरुवात अशी: एफ, एम, एस, बी, डब्ल्यू. हाउसमान ती अक्षरं मोठ्यानं म्हणायचा. १९२१ साली प्रागमध्ये हानोफरच्या कुर्ट श्विटर्सनं ती ऐकली आणि ती त्याच्या डोक्यात घर करून बसली. परतीच्या वाटेवर तो तेच म्हणत राहिला. पुढं दहा वर्षं त्यानं त्या मूठभर अक्षरांना वाढवत नेलं, आणि त्यातून ‘उर्झोनाटे’, म्हणजे आद्य सोनाटा, उभा राहिला. संगीतातल्या सोनाट्यासारखे चार भाग, रॉन्डो, लार्गो, शेर्झो, प्रेस्टो, आणि शब्द एकही नाही. ‘फ्युम्स ब्यो व्यो टे त्से ऊ’ अशी त्याची पहिली ओळ. जुळाऱ्याच्या खिळ्यांना श्विटर्सनं स्वर दिले, म्हणून ते तोंडातून बाहेर पडू शकले.

१९३२ साली मे महिन्यात श्विटर्सनं स्टुटगार्ट रेडिओसाठी त्यातला काही भाग ध्वनिमुद्रित केला, आणि त्याच वर्षी तो आपल्या ‘मेर्झ’ या नियतकालिकाच्या चोविसाव्या अंकात पूर्ण छापला. अक्षरमांडणी यान चिशोल्ड यांची होती. म्हणजे खिळ्यांतून आवाज, आवाजातून पुन्हा छपाई. पन्नासेक वर्षांनी विनिपेगमध्ये कुणीतरी ती अक्षरं टाइपरायटरवर ठोकली आणि पुन्हा त्यांना आवाजाबरोबर चालायला लावलं. जुळाऱ्याचं नाव कुणालाच माहीत नाही. मला त्याच्याबद्दल फार वाटतं. खणात हात घालून जे येईल ते लावणाऱ्या त्या माणसाच्या बोटांतून ही सगळी वाट निघाली.

श्विटर्सच्या वाचनाची एक हकीकत दादावादी कलावंत हान्स रिष्टर यांनी लिहून ठेवली आहे. १९२५च्या सुमारास पॉट्सडॅममध्ये एका घरी त्याचं वाचन होतं. समोर जुन्या प्रशियाई घराण्यांतली माणसं, निवृत्त सेनापती, त्यांच्या बायका. श्विटर्स आपल्या उंच देहानिशी उभा राहिला आणि सोनाटा म्हणायला लागला. पहिल्यांदा सगळ्यांनी ओठ दाबून धरले. मग बांध फुटला. हसून हसून लोकांचे श्वास अडकले. श्विटर्स थांबला नाही. त्यानं फक्त आवाज वाढवला आणि हसण्याला त्या आवाजात बुडवून टाकलं. हसणं हळूहळू ओसरलं, आणि तो शेवटपर्यंत म्हणत राहिला. संपल्यावर तेच सेनापती डोळ्यांत पाणी घेऊन त्याचे आभार मानायला आले.

मी ही हकीकत बऱ्याच वेळा वाचली आहे. दर वेळी मला प्रश्न पडतो की रडू कशाचं आलं असेल. शब्द असते तर त्यांच्याशी सहमत व्हावं लागलं असतं किंवा वाद घालावा लागला असता. इथं धरायला शब्दच नव्हता. समोर एक माणूस होता, त्याचा श्वास होता, आणि त्याचं काहीतरी सांगायची धडपड होती. बाकड्यावर बसून रडणाऱ्या माणसांचं बोलणं मी लांबून ऐकायचो. शब्द ऐकू यायचे नाहीत, पण माणूस कुठल्या पायरीवर आहे ते कळायचं. आता खाली उतरतोय, आता चढतोय, आता थकला.

पुढं नाझी राजवटीनं त्याची चित्रं १९३७ साली म्युनिकच्या ‘अधःपतित कला’ प्रदर्शनात टांगली. तो नॉर्वेला गेला, तिथून १९४० साली ब्रिटनला, आणि ब्रिटननं त्याला शत्रुदेशाचा नागरिक म्हणून आइल ऑफ मॅनवरच्या छावणीत ठेवलं. तिथं सोबतच्या कैद्यांपुढं तो हा सोनाटा म्हणत असे. उरलेल्या लापशीचे पुतळे करत असे. रात्री झोपताना कुत्र्यासारखा भुंकत असे, आणि त्याला पलीकडून व्हिएन्नाचा एक म्हातारा बँकर ‘म्याऊ’ असं उत्तर देत असे. हानोफरच्या घरातल्या खोल्यांत त्यानं वर्षानुवर्षं उभारलेली रचना, ‘मेर्झबाउ’, १९४३च्या बॉम्बहल्ल्यात नष्ट झाली. ८ जानेवारी १९४८ रोजी इंग्लंडमधल्या केंडालमध्ये तो वारला. ब्रिटिश नागरिकत्व मंजूर झाल्याची बातमी त्याला आदल्या दिवशी मिळाली होती. हा तपशील वाचला तेव्हा मी त्या अर्जाचा विचार करत बसलो. कुठल्या तरी कचेरीत, कुठल्या तरी मशीनवर तो टाइप झाला असणार. अक्षरांना अर्थातून सोडवण्यात ज्यानं आयुष्य घातलं, त्याचं राहणं-जाणं अखेर एका अर्जावरच्या नीट बसलेल्या शब्दांवर अवलंबून राहिलं. असे अर्ज दादांच्या हातून हजारोंनी गेले. निकाल अर्जदाराच्या मरणानंतर आला असंही त्यांतल्या काहींचं झालं.

फिल्मकडे परत येतो. फिल्ममध्ये सेकंदाला २४ चौकटी. तीन मिनिटांच्या ४,३२०. प्रत्येक चित्र दोन चौकटी टिकवलं तरी २,१६० चित्रं. या कामाला किती चिकाटी लागते ते करून बघितल्याशिवाय समजत नाही, आणि आम्ही करून बघितलं. ते पुढं सांगतो. मात्र चिकाटीपेक्षा मोठी गोष्ट इथं टाइपरायटरची निवड ही आहे. हीच अक्षरं कुंचल्यानं काढता आली असती, किंवा छापील टाइप कापून हलवता आली असती. टाइपरायटरच्या अक्षराला वजन असतं. रिबनवरून दांडी येऊन आदळते, शाई कागदात जाते, मागं उठाव उमटतो. अक्षर म्हणजे एका ठोक्याचा वळ आहे. बोलतानाही तेच होतं. प म्हणताना ओठ एकमेकांवर आपटतात, त म्हणताना जीभ दातांवर. म्हणून त्या फिल्ममध्ये आवाज आणि अक्षर एकमेकांना शोभतात. दोन्ही आदळून जन्माला आलेले आहेत.

आजकाल गाण्याच्या ओळी पडद्यावर उड्या मारतात, फिरतात, फुटतात, तसले व्हिडिओ ढिगानं निघतात. मला त्यातलं फारसं काही आवडत नाही, आणि का ते या फिल्मनं सांगितलं. तिथं अक्षरं आवाजाची चाकरी करतात. शब्द ऐकू येतो आणि तोच शब्द दिसतो, मग दोघांपैकी एकजण फुकट. ‘प्रिमिती टू ता’त अक्षर बघून आवाज कळतो आणि आवाज ऐकून अक्षर कळतं, कारण दोघांनाही अर्थाचा टेकू नाही. त्यांना एकमेकांवरच उभं राहायचं आहे.

कॅनडात याची मुळं जुनी आहेत. तिथल्या नॅशनल फिल्म बोर्डात नॉर्मन मॅक्लारेन कॅमेऱ्याशिवाय थेट फिल्मपट्टीवर चित्रं काढायचे, आणि पट्टीच्या कडेला जिथं आवाजाची वाट असते तिथं रेषा काढून, ओरखडे मारून आवाजही ‘काढायचे’. दिसतं तेच वाजतं. टाइपरायटरकडे वळलेले कवीही बरेच होते. अमेरिकेचे चार्ल्स ओल्सन यांनी १९५० साली म्हटलं की टाइपरायटरमुळे कवीला आपला श्वास, विराम, शब्दांमधली जागा अगदी नेमकी मांडता येते, संगीतकाराच्या स्वरलेखनासारखी. इंग्लंडमध्ये सिल्व्हेस्टर हुएदार नावाचे बेनेडिक्टाइन साधू मठात बसून छोट्या ऑलिव्हेट्टीवर अक्षरांचे जिने, पूल, पाण्यासारखे पदर टाइप करायचे. आपल्याकडे र. कृ. जोशी यांनी अक्षर हेच चित्र मानून कविता केल्या. त्यांचा उल्लेख मला वेगळ्या कारणासाठीही करायचा आहे.

कॉम्प्युटरवरचा ‘मंगल’ हा फॉन्ट जोशींनी केलेला. युनिकोडमध्ये, म्हणजे कॉम्प्युटरनं अक्षरं साठवायच्या जागतिक पद्धतीत, देवनागरी १९९१च्या पहिल्या आवृत्तीपासून आहे, आणि तिथं नियम असा की अक्षर उच्चाराच्या क्रमानं साठवायचं. म्हणजे आधी व, मग वेलांटी. पडद्यावर वेलांटी उडी मारून व च्या अलीकडे जाऊन बसते; ती उडी फॉन्ट आणि त्याच्या मागची यंत्रणा मिळून घडवतात. क्रम पुन्हा तोंडाच्या बाजूचा झाला. ही फार चांगली गोष्ट झाली, यात मला शंका नाही. शोधणं, लावणं, वाचून दाखवणं, सगळं त्यामुळे शक्य झालं. पण माझ्या भाचीनं कॉम्प्युटरवर पहिल्यांदा ‘विनंती’ लिहिलं तेव्हा वेलांटी टुणकन मागं गेलेली मी पाहिली, आणि दादांची भाषा कुठं मेली ते मला तिथं कळलं.

तर, आम्ही केलेली फिल्म.

भाची पुण्यात अ‍ॅनिमेशन शिकते. दिवाळीत घरी आली होती. मी तिला ती कॅनडातली फिल्म दाखवली. तिनं ती लागोपाठ चार वेळा पाहिली आणि म्हणाली, ‘मामा, आजोबांचं मशीन कुठाय?’

मशीन माळ्यावर होतं, मेणकापडात गुंडाळलेलं. दादांनीच गुंडाळलेलं, गाठ त्यांची होती. गोदरेजनं १९५५ साली टाइपरायटर बनवायला सुरुवात केली आणि २००९ साली थांबवलं. आमचं मशीन साधारण मधल्या वयाचं. दोन दिवस नुसती सफाई. शिवणयंत्राचं तेल, जुना टूथब्रश, आणि दर शनिवारी दादा करायचे तसं टाचणीनं एकेका अक्षराच्या पोटातली वाळलेली शाई उकरणं. ठ, छ, ध यांची पोटं भरून गेलेली. रिबन कोरडं ठणठणीत. आईनं सांगितलं, शिक्क्याच्या पॅडची शाई घाला, ते तसंच करायचे. घातली. पहिलं अक्षर उमटलं ते म. शिरोरेषा डावीकडे जराशी तुटलेली. मी ती तुटलेली रेघ ओळखली. बार्शी तालुक्यात किती घरांतल्या ट्रंकांमध्ये, किती जुन्या फायलींत ती अजून असेल.

टाइप काय करायचं यावर आमचं जमेना. भाची म्हणाली, श्विटर्सचंच करू, देवनागरीत. प्रयत्न केला. आणि तिथं आपली लिपी काय आहे ते मला पहिल्यांदा उमगलं. एफ-एम-एस-बी-डब्ल्यू या अक्षरांत स्वर नाही. ती तोंडात अडकतात, आणि त्या अडकण्यातच त्या कवितेचा जन्म आहे. देवनागरीत व्यंजन एकटं नसतंच. फ लिहिला की त्याच्या पोटात अ आहे. तो काढायचा तर अक्षराचा पाय मोडावा लागतो. फ्म्स्ब्व्. पाच अक्षरं, पाचही लंगडी. जर्मन खिळे खणातून येतात तेव्हा मुके असतात आणि माणसानं त्यांना आवाज द्यायचा असतो. आपलं अक्षर आवाज घेऊनच येतं, त्याला गप्प करायला कष्ट पडतात. मग कसरत उलटी व्हायला हवी. ‘अरिंग मिरिंग लवंगा चिरिंग’ म्हणणाऱ्या पोरींना अर्थ नसलेल्या आवाजाची कधीच अडचण आली नाही. ती कविता तोंडात आधीपासून आहे. आम्हाला कागदावर काय घडतं ते दाखवायचं होतं.

मग मी तिला ‘इवनंती’ सांगितलं. तिनं ते कधी ऐकलं नव्हतं. ती सहा वर्षांची असताना दादा गेले.

ती बराच वेळ गप्प राहिली. मग म्हणाली, ‘हे फक्त फिल्ममध्येच दाखवता येईल, मामा. कागदावर नाही येणार.’

तेच. कागदावर ‘विनंती’ पूर्ण होऊन बसलेली असते. फिल्ममध्ये वेलांटी आधी येते, एकटी, आणि तिच्या आकडीखाली अजून काही नसतं.

काम असं चाललं. मोबाइल एका स्टँडला बांधून रोलरवर रोखला. खिडक्या बंद, कारण ऊन सरकलं की चित्र लुकलुकतं. एक दिवा, एकाच जागी. कागद एकदा रोलरमध्ये चढवला की एक कळ मारायची, फोटो, दुसरी कळ, फोटो. अक्षरं नाहीशी करायची तर तेच फोटो उलट्या क्रमानं लावायचे. ओळ सरकवायची असेल तर नवा कागद, आणि तो आधीच्याच जागी बसला पाहिजे; केसभर हलला तरी पडद्यावर धक्का बसतो. त्यासाठी तिनं रोलरवर पेन्सिलीनं दोन खुणा केल्या. सेकंदाला बारा चित्रं. त्याआधी आवाज मुद्रित करून त्याची एक्सपोजर शीट मांडायची: ‘इ’ पाच चित्रं, ‘व’ तीन, ‘नं’ चार. आवाजाची मोजदाद अशी बोटांवर केली की कळतं, आपण बोलताना किती कमी वेळ बोलतो आणि किती वेळ नुसते थांबतो.

आवाज मात्र जमेना. दादांचा आवाज आमच्याकडे मुद्रित नाही. लग्नाच्या एका कॅसेटमध्ये ते दोन वाक्यं बोलले आहेत, तेवढंच. म्हणून मी म्हणायचं ठरलं. मी मोबाइलसमोर बसलो आणि म्हणालो, ‘इवनंती, इमळकत, इदवाणी.’ ऐकून बघितलं. अगदीच खोटं. शाळेतल्या पाठांतरासारखं. सात-आठ वेळा केलं, दर वेळी तसंच. भाची काही बोलली नाही, पण तिच्या चेहऱ्यावर दिसत होतं.

संध्याकाळी मी सहज मशीनपुढं बसलो आणि एक अर्ज टाइप करायला घेतला. कुठलाही, आठवेल तो. ‘मी खाली सही करणार, विनंती अर्ज करतो ऐसा जे’. हात आखडले होते. चौथ्या-पाचव्या ओळीला बोटांना वाट सापडली. आणि माझे ओठ हलायला लागले. मी ठरवलं नव्हतं. बोट वेलांटीकडे गेलं की तोंडातून इ बाहेर पडायची, अर्धवट, श्वासाबरोबर, जवळजवळ ऐकू न येणारी. माझा आवाज तो नव्हताच. घशाच्या ज्या जागेतून तो येत होता ती जागा मी कधी वापरली नव्हती.

भाचीनं दाराआडून मुद्रण चालू केलं होतं.

त्या मुद्रणात मशीनचा आवाज सगळीकडे आहे. पुटपुटणं त्याच्या खाली कुठंतरी. ती म्हणाली, मशीनचा आवाज कमी करता येईल. मी नको म्हटलं. तिलाही ते पटलं, कारण तिच्या लक्षात आलं होतं की ठोका आधी येतो आणि आवाज त्याच्या निमिषभर मागं. आपण समजतो त्याच्या उलट. तोंडानं सांगून हात चालत नव्हता. हात पुढं, तोंड त्याचं बोट धरून मागं.

फिल्म ३८ सेकंदांची झाली. ४५६ चित्रं. सुरुवातीला पांढरा कागद, मग एक वेलांटी. पाच चित्रं ती तशीच राहते. पडद्यावर बघताना ते अर्ध्या सेकंदाहून कमी आहे, पण डोळा तिथं अडखळतो. मग व येतो. मग बाकीचं. ‘इमळकत’ला आम्ही ओळीच्या ओळी नुसत्या वेलांट्यांच्या टाइप केल्या, पावसाच्या तिरक्या धारांसारख्या, आणि मग एकेकीखाली म भरत गेलो. ‘इहस्सा’ला स्स च्या जागी रिबन फिकं पडलं होतं, तसंच ठेवलं. शेवटी कॅरेजची घंटी.

आईला दाखवायचं ठरलं तेव्हा मी जरा घाबरलो होतो. तिला ही अक्षरांची नाचानाच काय वाटेल, आणि मुख्य म्हणजे दादांचं ते पुटपुटणं असं उघड्यावर मांडणं तिला आवडेल का. ही माझी एकट्याची आठवण आहे अशी माझी समजूत होती. कोर्टासमोर त्यांच्याजवळ बसायचो तो मी. आई तिकडं कधी येत नसे.

तिनं चष्मा लावला, मोबाइल अगदी डोळ्यांजवळ धरला. ३८ सेकंद संपले. तिनं पुन्हा लावायला सांगितलं. दुसऱ्यांदा पाहताना तिचे ओठ हलत होते.

मग तिनं मोबाइल भाचीच्या हातात दिला आणि माझ्याकडे बघून म्हणाली, ‘अरे, त्यांचं “इनकाल” राहिलं की. झोपेतसुद्धा तेच म्हणायचे.’

मशीनवर मेणकापड टाकलं होतं ते मी काढलं. भाचीनं दिवा लावला, खिडक्या ओढून घेतल्या. खुणेला खूण लावून मी रोलरमध्ये नवा कागद चढवला.